आठवे गीत वाचून होईपर्यंत

देवाच्या नावाने सुरुवात करतो. मी गिल्बर्ट टेबट, वय वर्षे बावन्न, हातमोजे शिवणाऱ्याचा मुलगा, पुढे कवी, राहणार ऑल्डर्थॉर्प, परगणा नॉर्थॅम्प्टनशर, असे लिहून ठेवतो की माझे शरीर कामातून गेले असले तरी डोके ठिकाणावर आहे. लघवीतून रक्त जाते, जिना चढवत नाही. पण गावात कोणाचे कोणाशी केव्हा वाजले हे मला अजून तारीखवार सांगता येते, आणि मृत्युपत्राला एवढी शुद्ध पुरते असे आमचे पाद्री म्हणतात. हे मी स्वतःच्या हाताने, दिवसाउजेडी, कोणी गळा धरलेला नसताना लिहीत आहे. यापूर्वी दोन मृत्युपत्रे केली होती. दोन्ही चुलीत घातली, कारण दोन्हींत मी खोटे लिहिले होते.

कलम पहिले. आत्मा देवाच्या हवाली करतो. घ्यायचा की नाही ते त्याने ठरवावे. शरीर चर्चच्या उत्तरेकडे, जिथे जीव दिलेली माणसे पुरतात, तिथे पुरावे. आत वेदीजवळ हवेलीचे दिवंगत मालक सर लँबर्ट ओडेल यांच्या शेजारची जागा मला कबूल झालेली आहे. ती मला नको. त्यांच्या शेजारी बसून मी पुष्कळ जेवलो आहे, तेवढे पुरे.

कलम दुसरे. 'दहा मेंढपाळगीते' या माझ्या एकुलत्या एका पुस्तकाच्या एकशे बारा प्रती जिन्याखालच्या पेटीत पडून आहेत. लंडनच्या छापणाऱ्याने त्या परत पाठवल्या, गाडीभाडे माझ्या माथी मारून. त्या सगळ्या भट्टीवाल्या बाईला द्याव्यात. केकच्या साच्याला खाली लावायला माझा कागद उत्तम असे ती म्हणते, चिकटत नाही. माझ्या कवितेबद्दल या गावातून आलेले हे एकमेव चांगले मत आहे. एक प्रत मात्र सध्याचे मालक, सर लँबर्टचे चिरंजीव, यांना द्यावी, आणि त्यांनी दहावे गीत मोठ्याने वाचावे. त्यात मेंढपाळ लांडग्याला मारतो. लांडगा कोण होता ते खाली येईल.

कलम तिसरे. बापाची हातमोजे शिवायची हत्यारे, म्हणजे कात्री, आरी आणि लाकडी पंजा, पहिल्यांदा मागेल त्याला द्यावीत. मी ती कधी हातात धरली नाहीत. धरली असती तर हे पुढचे लिहावे लागले नसते.

कलम चौथे. हवेलीच्या फाटकाजवळचे माझे दगडी घर, मागची बाग, सफरचंदाची चार झाडे, भांडीकुंडी आणि अंथरूणपांघरूण हे सर्व मी थॉमसिन पाइक हिला देतो. थॉमसिन ही रेनल्ड पाइक याची मुलगी, वय अठ्ठावीस. तिची आई गेल्यापासून, म्हणजे नऊ वर्षे, ती माझे घर सांभाळते. नोकर म्हणून आली, पण हुकूम तिचाच चालतो. "मास्तर, कविता खाली ठेवा आणि पाय वर घ्या, मला झाडायचंय," हे मी नऊ वर्षे ऐकत आलो आहे. रक्ताने माझी ती कोणी नाही. घर तिला दयेने देत नाही. घर तिचेच आहे, कारण तिच्या बापाच्या जिवाच्या मोबदल्यात ते मला मिळाले. कसे ते सांगतो. ती चार वर्षांचीही नव्हती तेव्हा.

रेनल्ड आणि मी एका वर्षाचे, एका गल्लीतले. मला सर लँबर्टनी केंब्रिजला पाठवले, रेनल्डला गावाने मेंढरांमागे. मी परत आलो तो ग्रीक नावांचे मेंढपाळ घेऊन. ते झाडाखाली बसून बासरी वाजवत आणि प्रेमाने झुरत. रेनल्डला मी पहिले गीत वाचून दाखवले. त्याने नीट ऐकले आणि विचारले, "गिब, तुझ्या मेंढ्यांचे खूर सडत नाहीत का रे?" मी म्हणालो, कवितेत पाऊस नसतो. "मग लोकर कोण कातरतं? का तीपण गाणी म्हटली की आपोआप उतरते?"

पुढे सर लँबर्टनी गावचे गायरान कुंपण घालून ताब्यात घेतले. भोवती चर खणला, काटेरी झाडे लावली आणि आत स्वतःची दोन हजार मेंढरे सोडली. गावची मेंढरे विकावी लागली. चौदा घरे आड येत होती, ती पाडली. माणसे आत असताना छपरे ओढून काढली. एक म्हातारी वाशाखाली सापडून मेली, आणि तिला बाहेर काढायच्या आधी वासे मोजून घेतले. त्या वर्षी मी पाचवे गीत लिहिले. त्यात मेंढपाळ आपल्या दयाळू धन्याचे आभार मानतो.

सोळाशे सातच्या जूनमध्ये तीनशे माणसे फावडी घेऊन चर बुजवायला गेली. पुढे रेनल्ड होता. सर लँबर्ट आणि शेजारचे जमीनदार घोडेस्वार घेऊन आले. मी टेकाडावर सर लँबर्टचा जादा घोडा धरून उभा होतो. पहिल्या धावेत लोकांनी फावडी आडवी धरून घोडे परतवले. दुसऱ्या धावेत लोक फुटले. ज्या चरात माती लोटत होते त्यातच ते पडले, आणि वरून घोडे गेले. गाडीची चाके करणारा आमचा सुतार हात वर करून उभा होता. त्याचे दोन्ही हात मनगटापासून गेले आणि तो तसाच उभा राहिला. कारभारी ह्यू ड्रेकॉट याने गुडघ्यावर बसलेल्या एकाच्या मानेवर कोयता चालवला, मग पुन्हा चालवला, कारण पहिला वार नीट बसला नव्हता. मग त्याने कोयता त्याच माणसाच्या सदऱ्याला पुसला. रक्ताच्या वासाने माझ्या हातातला घोडा उधळू पाहत होता. मी त्याच्या कानाशी गोड बोलत होतो. त्या दिवशी ऑल्डर्थॉर्पमध्ये कोणी कोणाशी गोड बोलले असेल तर ते एवढेच. संध्याकाळपर्यंत बेचाळीस प्रेते मोजली, त्यांत सहा बायका.

रेनल्ड मांडीत भाला लागून निसटला. ओढ्यापलीकडच्या घळीत एक पडका मेंढवाडा होता, काटेरी झुडपांत पार बुडालेला, त्यात तो लपला. हवेलीच्या इतक्या जवळ कोणी लपेल असे कोणाच्या मनात आले नाही. शोध दहा-दहा मैलांवर चालला होता. आठ दिवस मी त्याला सदऱ्यात लपवून पाव आणि चीज नेले. माझ्या आयुष्यात धाडस म्हणावे असे तेवढेच. त्याची बायको ॲलिस हिच्यावर पाळत होती, म्हणून तिला जाता येत नव्हते. जखम भरत आली होती. काठी घेऊन तो चालू लागला होता, आणि मागे दोनशे पावलांवर जंगल सुरू होत होते. आणखी दोन दिवसांनी निघणार होता.

शेवटच्या भेटीत तो पाव खाता खाता म्हणाला, "गिब, एवढा इथवर येतोस, तर एकदा तरी खरं लिही. हे बघ, भिंत इथं पडलीय. झरा भिंतीखालनं येतो. दारातनं झाड उगवलंय. आणि दहा वर्षं झाली तरी मेंढरांच्या मुताचा वास हटत नाही. घाल की हे गाण्यात." मी घातले. घरी येऊन एका बैठकीत लिहिले. पडकी भिंत, भिंतीखालून येणारा झरा, दारात उगवलेले झाड, काठीवर रेललेला लंगडा मेंढपाळ. ते सातवे गीत; आठवे आणि नववे आधीच लिहून तयार होते, हे त्यांच्या आधी घातले. माझ्या हातून झालेली एकमेव चांगली गोष्ट ती, आणि तीच तुझ्या बापाला घेऊन गेली, थॉमसिन.

गुरुवारी दुपारी हवेलीत जेवणाच्या वेळी वाचायला बोलावले होते. आधीची सहा गीते सर लँबर्टनी निम्मी झोपेत ऐकलेली होती. सातव्याला त्यांनी सुरी खाली ठेवली. म्हणाले, "टेबट, हे पुस्तकातलं नाही. ही जागा तू बघितलीयस."

बारा वर्षे मी लिहीत होतो. माझ्या ओळीबद्दल आजवर कोणी काहीच विचारले नव्हते. माझी छाती फुगली. मी म्हणालो, "होय सरकार. परवा मंगळवारीच." आणि एवढ्यावर थांबलो नाही. "तो झरा भिंतीखालनं येतो ना, त्यात मी हात घालून बघितलाय," असेही सांगितले.

सर लँबर्ट हसले. खुर्चीमागे ड्रेकॉट सुरई घेऊन उभा होता. त्याच्याकडे न बघता त्यांनी फक्त एक बोट हलवले. ड्रेकॉटने सुरई खाली ठेवली आणि तो बाहेर गेला. मी ते पाहिले. काय झाले ते मला समजले, अगदी त्याच क्षणी समजले. सर लँबर्ट म्हणाले, "छान. आता आठवं वाच." आणि मी आठवे वाचले.

येथे एवढे नमूद करतो की मी उठून धावलो असतो तरी उपयोग नव्हता. त्यांच्याकडे घोडे होते. ~~वेळ नव्हता.~~

रेनल्डला झोपेत धरले. घोड्यामागे बांधून दगडांवरून फरफटत आणले. हवेलीच्या अंगणात आला तेव्हा एका पायात बूट नव्हता, आणि एका गालाचे कातडे लोंबत होते. मी खिडकीत होतो, गळ्याला जेवणाचा रुमाल खोचलेला. त्याने वर पाहिले. तो रुमाल अजून त्याच्या डोळ्यांत असेल.

पाव कोण आणून देत होते, हे विचारायला त्याच्या दोन्ही हातांची नखे काढली. त्याने माझे नाव सांगितले नाही. जुलैत जिल्ह्याच्या गावी त्याला फाशी दिले, जिवंत असतानाच उतरवले, पोट फाडून आतडी त्याच्यासमोर जाळली, मग चार तुकडे करून चार बाजारगावांच्या वेशींवर टांगले. मी तिथे होतो. सर लँबर्टनी पाठवले होते, प्रसंगावर काहीतरी सुचेल म्हणून. सुचलेही. दहावे गीत, ते लांडग्याचे, मी त्याच आठवड्यात लिहिले, आणि सप्टेंबरअखेर हे घर माझ्या नावावर झाले. ॲलिसने आपल्या नवऱ्याचा एकच तुकडा चोरून उतरवला, उजवा हात आणि खांदा. बाकीचे पाखरांनी नेले.

कलम पाचवे. टिब नावाची पिवळी कुत्री निर्दोष होती, असे मी शपथेवर लिहून देतो. टिब रेनल्डची. ती रोज ओढा ओलांडून त्याच्याकडे जायची, म्हणून तिच्या मागावर जाऊन त्याला पकडले असे गावाने ठरवले. ॲलिसने स्वतःच्या हाताने तिला सफरचंदाच्या फांदीला टांगले. कुत्री तिचे हात चाटत होती. मी कुंपणाशी उभा होतो. एक वाक्य बोललो असतो तर कुत्री वाचली असती. बोललो नाही. उलट घरी जाताना एकाला मीच म्हणालो, की जनावरावर भरवसा टाकायचा नसतो.

कलम सहावे. ह्यू ड्रेकॉट अजून जिवंत आहे. तीन हिवाळ्यांपूर्वी दारूच्या गुत्त्यात तो माझ्या कानाशी येऊन म्हणाला, "कवीराज, ते सातवं म्हणा की. फार गुणाचं आहे." मी बसलो होतो ते स्टूल उचलून त्याच्या तोंडावर घातले, आणि तो खाली पडल्यावर पुन्हा घातले. जबडा दोन ठिकाणी मोडला, वाकडा सांधला. तेव्हापासून त्याला चावता येत नाही. लोकांना वाटते कवितेची थट्टा केली म्हणून मारले, आणि ते मला हसतात. हसू देत. ड्रेकॉटला मी माझा कथलाचा सूप प्यायचा चमचा देतो. मारल्याचे मला अजिबात दुःख नाही. तो धरून आणायला गेला होता. सांगितले मी होते, आणि स्टुलाने ज्याला मारायला हवे होते तो स्टुलाच्या दुसऱ्या टोकाला होता.

कलम सातवे. माझे प्रेत बाहेर न्यायच्या आधी पाद्रीबाबांनी हे मृत्युपत्र चर्चच्या दारात, गाव जमलेले असताना, पहिल्या ओळीपासून शेवटापर्यंत वाचावे. थॉमसिनला पुढे उभे करावे. हे मी मेल्यावरच का, जिवंतपणी का नाही, याचे कारण साधे आहे. ती निघून जाईल आणि मी या घरात एकटा कुजत मरेन, याला मी भितो. नऊ वर्षे याच भीतीने गप्प बसलो. तिच्या हातचे खाताना दर वेळी वाटायचे की आज सांगावे. मग जेवण संपायचे.

पुरवणी. त्याच दिवशी, दुपारनंतर लिहिलेली.

साक्षीसाठी दाई मार्जरी व्हायल्स आणि चर्चचे कारकून पीटर लन यांना बोलावले. थॉमसिन मागे ओढ्यावर कपडे धुवायला गेली होती. दोघांना वरचे सगळे वाचून दाखवले. पीटर लन खाली बघत राहिला. मार्जरीला अंगठ्याची खूण करायला दौत पुढे केली, तर तिने ती माझ्याकडे परत सरकवली.

"मेल्यावर कबूल करायचं, म्हणजे शिव्या ऐकायला नकोत. सोय चांगली आहे, मास्तर," ती म्हणाली. "त्या पोरीला मी या हातांनी जगात आणलंय. तिला आत्ता वाचून दाखवा. नाहीतर माझी खूण मिळणार नाही."

मी म्हणालो, ती मला सोडून जाईल. मार्जरी म्हणाली, "गेली तर गेली." आणि तिने दारातून हाक मारली.

थॉमसिन ओल्या हातांनी आली. मी वाचले. ती भिंतीला टेकून उभी होती. टिबच्या कलमाला खाली बसली. बापाच्या फाशीचे तिला माहीत होते. आपल्या आईने कुत्रीला उगाच मारले, हे माहीत नव्हते. रडली नाही. वाचून झाले. मग तिने मला विचारले की आठवे गीत किती ओळींचे आहे. मी सांगितले, दोनशे चाळीस. ड्रेकॉट कोणत्या वाटेने गेला? तबेल्यात जाऊन, माणसे गोळा करून, मग पुलावरून. घोड्यांना तीच वाट आहे. आणि पायी? मळ्यातून खाली, दगडांवरून ओढा ओलांडून. तिचे प्रश्न कुठे चालले आहेत ते माझ्या लक्षात आले होते.

तिने हात पुसले आणि शाल घेतली. पीटर लनला मागच्या टेकाडावर उभे राहायला सांगितले. तिथून माझी खिडकीही दिसते आणि घळही दिसते. "मी मेंढवाड्याच्या भिंतीला हात लावला की टोपी वर करा," असे ती त्याला म्हणाली. मग माझ्याकडे वळली.

"मास्तर, आठवं वाचा. त्या दिवशी वाचलं होतं तसंच. घाई करायची नाही, रेंगाळायचं नाही."

ती बाहेर पडली आणि मी वाचू लागलो. माझे घर हवेलीपेक्षा शंभर पावले लांब आहे, म्हणजे तिला जास्तच चालायचे होते. मार्जरी समोर बसली होती. मी दोनदा खोकलो. आठवे गीत आनंदाचे आहे. त्यात वसंत येतो, नाच होतो, मेंढपाळ आपल्या प्रियेला रानातल्या स्ट्रॉबेरी देतो. एकशे एक्कावन्नाव्या ओळीला ती स्ट्रॉबेरीची परडी हातात घेते. तिथे पीटर लनची टोपी वर गेली.

मी थांबलो. मार्जरी म्हणाली, "वाचा. तिनं थांबायला सांगितलं नव्हतं." उरलेल्या एकोणनव्वद ओळी मी वाचल्या.

आणखी एक गोष्ट चौथ्या कलमात मी लिहिली नव्हती, ती आता लिहितो. त्या दिवशी आठवे संपवून मी नववे सुरू केले, तेव्हा कुठे अंगणातून घोडे निघाल्याचा आवाज आला. मला तो ऐकू आला होता. पंचवीस वर्षे मी स्वतःला सांगत आलो की तो आधी आला.

थॉमसिन परत आली. झग्याचा काठ चिखलाने भरला होता. दारातच उभी राहून तिने सांगितले, "मी वाटेत दोनदा थांबले होते. एकदा बुटातला खडा काढायला, आणि एकदा नुसतीच."

घराबद्दल ती एक शब्द बोलली नाही. उरलेले कपडे पिळायला ओढ्यावर गेली. आता ती तिथेच आहे. पुढे काय करील ते मला माहीत नाही, आणि विचारायचा मला हक्क नाही. दोन्ही साक्षीदारांसमोर मी चौथ्या कलमातले 'वेळ नव्हता' हे शब्द माझ्या हाताने खोडले आहेत. त्या जागी 'वेळ होता' असे वाचावे.

ऑल्डर्थॉर्प, राजे चार्ल्स यांच्या कारकिर्दीचे आठवे वर्ष, नोव्हेंबरची चौदावी तारीख, सन सोळाशे बत्तीस.

सही: गिल्बर्ट टेबट

आमच्यासमोर सही केली, आणि खोडलेले शब्द आमच्यासमोर खोडले:

पीटर लन, चर्चचे कारकून, सही
मार्जरी व्हायल्स, दाई, हिच्या अंगठ्याची खूण